मदतपानांतील लिंक वाचकाच्या लक्षात का येत नाही

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. आपली कंपनी दूध संस्थांच्या संकलनाचे सॉफ्टवेअर तयार करते आणि त्याची मराठी मदतपाने आपण सांभाळता. फॅट मशिन जोडण्यापासून दहा दिवसांचे दूध बिल काढण्यापर्यंत सगळी माहिती तिथे आहे, पाने एकमेकांना लिंकने जोडलेली आहेत, आणि तरीही संस्थांचे सचिव फोन करून नेमके तेच विचारतात, ज्याचे उत्तर त्यांच्यासमोर उघड्या असलेल्या पानातल्या लिंकमागे असते. लिंकखालची रेघ जुनाट दिसते आणि मराठीत ती उकारांना छेदते, असे डिझायनरचे म्हणणे पडल्यामुळे ती काढून टाकली गेली. त्यानंतर आपण निळा रंग अधिक गडद केला, मग लिंक ठळक केली, पण फोन कमी झाले नाहीत. तेव्हा आता कोणता रंग घ्यावा, असे आपण विचारले आहे.

मी कोल्हापुरात यंत्रांच्या आणि सॉफ्टवेअरच्या वापर-पुस्तिका लिहिण्याचे व त्यांची संकेतस्थळे उभी करण्याचे काम करतो. शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या औद्योगिक वसाहतींतील देखभाल विभाग, उद्यमनगरातील छोटी वर्कशॉप आणि काही सहकारी संस्था हा माझा वाचकवर्ग आहे, म्हणजे आपल्या वाचकांपेक्षा फारसा वेगळा नाही. त्या अनुभवावरून सांगायचे, तर रंग बदलून हा प्रश्न सुटणार नाही. परिच्छेदातल्या लिंकला रेघ परत द्यावी लागेल, ती देवनागरीला सोसेल अशा रीतीने बसवावी लागेल, आणि पानावर लिंकसारख्या दिसणाऱ्या पण लिंक नसलेल्या ज्या खुणा आहेत त्या काढाव्या लागतील. यातली तिसरी गोष्ट बहुतेक वेळा राहून जाते.

आधी एक खुलासा करतो. सगळ्याच लिंकना रेघ लागते असे नाही. डाव्या बाजूची अनुक्रमणिका, वरचा मेनू, पानाच्या तळाशी असलेले ‘मागील पान’ आणि ‘पुढील पान’ या ठिकाणी लिंक तिच्या जागेवरूनच ओळखू येते, आणि तिथे प्रत्येक ओळीखाली रेघ ओढली तर पान उगाच गजबजते. अडचण आहे ती वाक्याच्या पोटात आलेल्या लिंकची, कारण तिथे तिच्या आजूबाजूला त्याच आकाराची, त्याच फॉन्टची अक्षरे असतात आणि वाचक एका ओघात पुढे जात असतो. आपले वाचक मुख्यत्वे संगणकावर पाने पाहतात की मोबाइलवर, पाने छापून टेबलावर ठेवतात का, वाचकांचे वय काय, यावरही काही निर्णय बदलतात. आपण याबद्दल लिहिलेले नाही, म्हणून बहुतेक वाचक मोबाइलवर, संस्थेच्या काउंटरवर, सकाळ-संध्याकाळच्या संकलनाच्या गर्दीत पान उघडतात असे मी गृहीत धरतो.

आता रंगाकडे येतो, कारण आपला प्रश्न तोच आहे आणि त्यात एक गणित दडलेले आहे. संकेतस्थळे सर्वांना वापरता यावीत यासाठीचे डब्ल्यूसीएजी हे आंतरराष्ट्रीय नियम बहुतेक सगळीकडे प्रमाण मानले जातात. त्यांची २.० ही आवृत्ती २००८ साली, २.१ ही २०१८ साली आणि २.२ ही २०२३ साली आली, आणि आपल्याकडील सरकारी संकेतस्थळांसाठीची मार्गदर्शक तत्त्वेही याच नियमांवर आधारलेली आहेत. त्यांत अगदी पहिल्या, म्हणजे ‘ए’ पातळीवरच सांगितले आहे की कोणतीही माहिती केवळ रंगाच्या आधाराने देऊ नये. रेघ न देता फक्त रंगाने लिंक दाखवायचीच असेल, तर त्यासाठी सांगितलेली वाट अशी आहे की लिंकचा रंग आणि भोवतालच्या मजकुराचा रंग यांच्यात किमान ३ ला १ इतका कॉन्ट्रास्ट, म्हणजे उजळपणातल्या फरकाचे प्रमाण, असावा, आणि माउस किंवा कीबोर्ड लिंकवर आला की आणखी एखादी खूण दिसावी. शिवाय नेहमीच्या आकाराच्या मजकुराचा पार्श्वभूमीशी कॉन्ट्रास्ट ४.५ ला १ हवा, ही त्यापुढच्या, म्हणजे ‘एए’ पातळीची अट लिंकलाही लागू आहेच.

या दोन अटी एकत्र ठेवून पाहा. पांढऱ्या पानावर लिंक पांढऱ्यापासून साडेचार पट दूर हवी आणि मजकूर लिंकपासून आणखी तीन पट दूर हवा, म्हणजे मजकूर पांढऱ्यापासून किमान साडेतेरा पट दूर असला पाहिजे. आजकाल सर्रास वापरला जाणारा गडद राखाडी मजकूर, ज्यात लाल, हिरवा आणि निळा हे तिन्ही घटक २० टक्क्यांवर असतात, पांढऱ्याशी १२.६ ला १ इतकाच कॉन्ट्रास्ट देतो. याचा अर्थ तशा मजकुरात दोन्ही अटी पाळणारा एकही रंग अस्तित्वात नाही. आपला मजकूर त्या छटेचा असेल, तर आपण जो रंग शोधत आहात तो शोधून सापडणार नाही. मजकूर पूर्ण काळा असेल तर वाट निघते, पण ती अरुंद आहे, कारण काळ्याचा पांढऱ्याशी कॉन्ट्रास्ट २१ ला १ असल्यामुळे लिंकचा पांढऱ्याशी कॉन्ट्रास्ट ४.५ आणि ७ यांच्या मध्येच ठेवावा लागतो. ब्राउझर मुळात जो निळा देतो तोसुद्धा या मर्यादेत बसत नाही. त्याचा पांढऱ्याशी कॉन्ट्रास्ट ९.४ आहे, आणि काळ्या मजकुराशी जेमतेम २.२ उरतो. तरीही तो निळा इतकी वर्षे चालला, याचे कारण १९९३ सालच्या मोझॅक ब्राउझरपासून त्याच्याबरोबर खालची रेघ होती.

यावरून आपला निळा गडद करण्याचा उपाय का लागू पडला नाही, हेही कळते. रंग गडद केला की तो पांढऱ्या पार्श्वभूमीपासून दूर जातो आणि वाचायला सोपा होतो हे खरे, पण त्याच वेळी तो काळ्या मजकुराजवळ सरकतो. लिंक अधिक वाचनीय झाली आणि कमी ओळखू येऊ लागली. त्यात वयाचा भाग मिसळतो. वय वाढते तसे डोळ्यातले भिंग पिवळसर होत जाते आणि निळा प्रकाश कमी आत येतो, त्यामुळे साठीच्या आसपासच्या माणसाला गडद निळा आणि काळा यांत फरक करणे अवघड जाते. रंगदोषाचा विचार करताना आपण बहुधा लाल-हिरव्यातच अडकतो, आणि त्या दोषात निळा बऱ्यापैकी टिकतो म्हणून निश्चिंत होतो. गावच्या संस्थेतले अनेक सचिव मात्र पन्नाशी ओलांडलेले असतात, मोबाइलची काच ओरखडलेली असते आणि बॅटरी टिकावी म्हणून प्रकाश कमी केलेला असतो. मला ही परिस्थिती रंगदोषापेक्षा अधिक वेळा आडवी आली आहे.

माउस वर नेला की रेघ दिसेल अशी सोय अनेक तयार थीममध्ये असते आणि त्यावर भिस्त ठेवली जाते. मोबाइलवर माउसच नसतो, तेव्हा ती रेघ आपल्या वाचकांपैकी बहुतेकांना कधीच दिसणार नाही. आपला डिझायनर विकिपीडियाचे उदाहरण देईल, तेही रास्त आहे, कारण तिथे परिच्छेदातल्या लिंकना मुळात रेघ नसते. पण विकिपीडियावर जवळपास प्रत्येक ओळीत लिंक असते, वाचकाला त्या पानांची वर्षानुवर्षांची सवय असते, आणि एखादी लिंक नजरेतून सुटली तर काही बिघडत नाही. आपल्या पानावर तीन परिच्छेदांत एकच लिंक असते आणि ती सुटली तर सभासदाचे बिल अडते.

म्हणून रेघ परत आणावी, हा माझा स्पष्ट सल्ला आहे. पण आपल्या डिझायनरची तक्रार खोटी नाही, आणि ती बाजूला सारून रेघ आणली तर ती पुन्हा काढली जाईल. ब्राउझरची साधी रेघ लॅटिन लिपी नजरेसमोर ठेवून बसवलेली असते. देवनागरीत अक्षराच्या डोक्यावर शिरोरेषा आधीच असते, आणि खाली उकार, ऋकार, पाय मोडल्याची खूण, तसेच ‘द्ध’ किंवा ‘ट्ठ’ यांसारख्या जोडाक्षरांचा खाली उतरणारा भाग असतो. ‘चुकू’ हा दोनच अक्षरांचा शब्द घ्या. नेहमीच्या जागी आलेली रेघ दोन्ही उकारांच्या मधून जाते आणि कोणता ऱ्हस्व आणि कोणता दीर्घ हे लहान पडद्यावर कळेनासे होते. हे टळावे म्हणून आताचे ब्राउझर जिथे अक्षराचा भाग खाली येतो तिथे रेघ आपोआप तोडतात. इंग्रजीत एखाद्या अक्षराखाली तुटलेली रेघ शोभते, पण ‘संस्थेचे मूळ दुरुस्तीपत्रक’ अशा शब्दांखाली तिचे तुकडे तुकडे होतात आणि ती रेघ न वाटता छपाईतला दोष वाटते.

यावर उपाय असा की रेघ उकारांच्या खालून न्यावी. स्टाइलशीटमध्ये, म्हणजे पानाचे रूप ठरवणाऱ्या फाइलमध्ये, ‘टेक्स्ट-अंडरलाइन-ऑफसेट’ हा गुणधर्म यासाठीच आहे, आणि त्याचे माप पिक्सेलमध्ये न देता ‘ईएम’ या अक्षराच्या आकारावर चालणाऱ्या एककात द्यावे, म्हणजे वाचकाने अक्षर मोठे केले तरी अंतर त्याच प्रमाणात वाढते. मी साधारण पाव ‘ईएम’पासून सुरुवात करतो आणि फॉन्टप्रमाणे थोडे कमी-जास्त करतो, कारण मुक्ता आणि नोटो सान्स देवनागरी यांतले उकारसुद्धा सारख्या खोलीचे नसतात. ‘टेक्स्ट-डेकोरेशन-थिकनेस’ने रेघ एका पिक्सेलच्या आसपास बारीक ठेवावी. तिचा रंग अक्षरांपेक्षा किंचित फिका ठेवला तर मजकूर दबत नाही, पण तो पार्श्वभूमीशी ३ ला १ च्या खाली जाऊ देऊ नये, नाहीतर उन्हात रेघ दिसेनाशी होते आणि आपण फिरून मूळ प्रश्नाशी येतो.

एवढ्यावर काम संपत नाही, कारण रेघ खाली सरकली की ती पुढच्या ओळीच्या जवळ जाते. देवनागरीत पुढच्या ओळीच्या डोक्यावर वेलांट्या, मात्रा, रफार आणि अनुस्वार असतात, त्यांच्याखाली शिरोरेषा असते, आणि ओळी दाटीने लावल्या असतील तर वाचकाला ही रेघ वरच्या शब्दाची आहे की खालच्या ओळीची हे क्षणभर कळत नाही. त्यामुळे रेघेची जागा आणि ओळींमधले अंतर हे दोन निर्णय एकत्रच घ्यावे लागतात. इंग्रजी मजकुराला अक्षराच्या दीडपट अंतर पुरते, तर मराठी मदतपानांना मी १.७ ते १.८ पट ठेवतो. याने पान थोडे लांबते, पण वाचायलाही हलके होते. डिझायनरला रेघ पटवून देण्याची सर्वांत सोपी रीतही हीच आहे, की त्याला तयार केलेला एक परिच्छेद दोन्ही प्रकारे, खऱ्या मोबाइलवर, शेजारी शेजारी दाखवावा.

आता ठळकपणाबद्दल. आपण लिंक ठळक केली तेव्हा वाचकाच्या दृष्टीने एक नवा घोटाळा तयार झाला असणार. इंग्रजी मदतपानांत बटणाचे किंवा मेनूचे नाव वाक्यात आले की ते मोठ्या अक्षराने सुरू होते आणि तेवढ्याने ते नाव आहे हे कळते. देवनागरीत मोठी आणि लहान अक्षरे नाहीत. त्यामुळे ‘नंतर दरपत्रक निवडा आणि जतन करा दाबा’ या वाक्यात कुठले शब्द पडद्यावरची नावे आहेत हे दाखवण्यासाठी आपल्याला ती ठळक करावी लागतात किंवा अवतरणात घालावी लागतात. मी पाहिलेल्या बहुतेक मराठी मदतपानांत ती ठळकच असतात. म्हणजे ठळकपणाचा अर्थ ‘हे बटणाचे नाव आहे, ते सॉफ्टवेअरमध्ये शोधा’ असा आधीच ठरलेला आहे, आणि आता त्याच खुणेचा दुसरा अर्थ ‘इथे दाबा’ असा झाला आहे. वाचक दोनदा ठळक शब्दावर बोट ठेवतो, काहीच घडत नाही, आणि तिसरा ठळक शब्द खरोखर लिंक असतो तेव्हा तो तिकडे बोट नेत नाही. जाता जाता हेही तपासा की संकेतस्थळावर फॉन्टचे ठळक वजन खरोखर चढवलेले आहे की नाही. ते नसेल तर ब्राउझर साध्या अक्षरालाच कृत्रिमरीत्या जाड करतो, आणि ‘ष’, ‘क्ष’, ‘द्ध’ अशा अक्षरांच्या आतल्या मोकळ्या जागा भरून जातात.

हाच न्याय उलट बाजूनेही लावायला हवा. आपल्या कचेऱ्यांतील पत्रव्यवहारात ‘विषय’ आणि ‘संदर्भ’ या ओळींखाली रेघ ओढण्याची पद्धत टाइपरायटरच्या काळापासून आहे, आणि तीच सवय मदतपाने लिहिणाऱ्यांच्या हातात उतरते. ‘टीप’, ‘महत्त्वाचे’, ‘सूचना’ हे शब्द अधोरेखित होतात, कधी उपशीर्षकेही होतात. ज्या पानावर ‘महत्त्वाचे’खाली रेघ आहे पण तिथे दाबून काही उघडत नाही, त्या पानावर लिंकखालच्या रेघेला अर्थ उरत नाही. तेव्हा रेघ परत आणण्याआधी सगळ्या पानांत शोध घेऊन लिंकव्यतिरिक्तची अधोरेखने काढून टाका. निळी उपशीर्षके असतील तर त्यांचा रंगही बदला. माझ्या अनुभवात या साफसफाईचा परिणाम रंग बदलण्यापेक्षा कितीतरी जास्त दिसतो, आणि तिला डिझायनरची गरजही लागत नाही.

मराठीपुरती आणखी एक अडचण लिंकच्या हद्दीची आहे. आपले विभक्तिप्रत्यय शब्दाला चिकटतात, त्यामुळे ‘दरपत्रकातील नोंद तपासा’ असे लिहिले की लिंक ‘दरपत्रक’ एवढ्यालाच द्यायची की ‘दरपत्रकातील’ या पूर्ण शब्दाला, हा प्रश्न उभा राहतो. पूर्ण शब्दालाच द्यावी. शब्दाच्या मध्येच रंग आणि रेघ तुटली तर ते चुकून झाल्यासारखे दिसते, आणि त्याहून वाईट म्हणजे अक्षर आणि त्याचा काना किंवा मात्रा यांच्या मधून टॅग गेला तर काही ठिकाणी ती मात्रा अक्षरापासून सुटून ठिपक्यांच्या वर्तुळासह उमटू शकते. हाताने लिंक देताना हे सहसा होत नाही. पण पारिभाषिक शब्दांना आपोआप लिंक देणारे एखादे प्लगइन आपण वापरत असाल, तर ते ‘सभासद’ शोधून ‘सभासदाचे’ या शब्दाच्या पहिल्या तुकड्यालाच लिंक देते. तशी सोय असेल तर ती मराठी पानांवर बंद करणे उत्तम. शब्द मोजून, विचार करून दिलेल्या मोजक्या लिंकच वाचक दाबतो.

लिंक ओळखू आली तरी ती कुठे नेते हे कळले नाही तर वाचक पुढे जात नाही, म्हणून तिच्या शब्दांकडेही पाहायला हवे. ‘अधिक माहितीसाठी येथे क्लिक करा’ या वाक्यात लिंक ‘येथे’ या शब्दाला असते, तो शब्द दोन अक्षरांचा आहे, बोटाला लहान पडतो आणि काहीच सांगत नाही. त्याऐवजी ‘फॅट मशिनची जोडणी तुटली असल्यास ती पुन्हा कशी जोडावी हे पाहा’ असे वाक्य लिहून ‘ती पुन्हा कशी जोडावी’ एवढ्याला लिंक दिली, तर डोळा ओळीवरून सरसर फिरतानाही काम होते. अंध वाचक पडद्यावरचा मजकूर वाचून दाखवणारा एनव्हीडीएसारखा स्क्रीन रीडर वापरतात आणि पानावरील सगळ्या लिंकची यादी एकत्र उघडून ऐकतात. त्या यादीत ‘येथे, येथे, येथे’ ऐकू येणे निरुपयोगी आहे. पानाच्या मूळ कोडमध्ये भाषा मराठी असल्याचे नोंदवलेले आहे ना, तेही याच वेळी पाहून घ्या, कारण त्यावरून स्क्रीन रीडर उच्चार निवडतो.

भेट दिलेल्या लिंकचा वेगळा रंग ठेवावा का, याचे उत्तर मदतपानांपुरते होकारार्थी आहे. बिलातली चूक शोधणारा माणूस चार पाने उघडून परत येतो, आणि कोणते पान पाहून झाले हे त्याला कळले तर तो त्याच दारात पुन्हा जात नाही. फक्त एक मर्यादा लक्षात ठेवा. वाचकाने कुठली संकेतस्थळे पाहिली हे कोणाला चोरून कळू नये म्हणून २०१० नंतर ब्राउझरांनी भेट दिलेल्या लिंकवर केवळ रंग बदलण्याची मुभा ठेवली आहे. तिची रेघ तुटक करता येत नाही किंवा शेजारी बरोबरची खूणही आणता येत नाही. जांभळा रंग हीच रूढ खूण आहे आणि ती पाळावी.

रंगीत चौकटींकडे मात्र वेगळे लक्ष द्या. ‘सावधान’ची पिवळी चौकट आणि ‘टीप’ची फिकट निळी चौकट यांत तीच लिंक वेगळी दिसते, आणि पांढऱ्यावर मोजलेला कॉन्ट्रास्ट तिथे लागू पडत नाही. रात्रीच्या गडद रूपात तर निळा सर्वस्वी वेगळा घ्यावा लागतो, कारण ब्राउझरचा मूळ निळा काळ्या पार्श्वभूमीवर २.२ ला १ पर्यंत घसरतो आणि शब्दच वाचता येत नाही. कीबोर्डने लिंकवर आल्यावर दिसणारी चौकट अनेकजण कुरूप म्हणून काढून टाकतात, ती काढू नये. ब्रिटनच्या सरकारी संकेतस्थळावर अशा वेळी लिंकला पिवळी पार्श्वभूमी आणि खाली जाड काळी रेघ येते, आणि तो नमुना घेण्यासारखा आहे. पीडीएफ उघडणाऱ्या लिंकपुढे ‘पीडीएफ’ आणि फाइलचा आकार शब्दांत लिहावा, कारण गावातल्या अशक्त रेंजवर मोठी फाइल अचानक उतरू लागली तर वाचक पुढच्या वेळी लिंक दाबताना कचरतो. दुसऱ्या संकेतस्थळावर नेणाऱ्या लिंकला छोटा बाण पुरतो.

हे सगळे बदलल्यावर तपासणी कशी करावी, ते सांगतो. पहिली तपासणी घरच्या घरी होते. मोबाइलच्या सेटिंगमध्ये पडदा कृष्णधवल करण्याची सोय असते, ती चालू करून पान उघडा आणि प्रत्येक लिंक ओळखू येते का पाहा. दुसरी तपासणी खऱ्या वाचकाबरोबर करावी लागते, आणि ती मी कागदावर करतो. पान रंगीत छापून घ्यायचे, वाचकाच्या हातात पेन द्यायचे आणि ‘हे मोबाइलवर असते तर कुठे कुठे दाबता आले असते, तिथे गोल करा’ एवढेच सांगायचे. आपण काही सुचवायचे नाही. एका फौंड्रीच्या देखभाल-पानांची अशी तपासणी चालू असताना तिथल्या स्टोअरकीपरने सगळ्या ठळक बटण-नावांना आणि अधोरेखित ‘सूचना’ या शब्दाला गोल केले, आणि भट्टीच्या अस्तराच्या पानाकडे नेणारी एकमेव खरी लिंक, जी गडद निळी आणि बिनरेघेची होती, तशीच सोडली. तो कागद त्या बैठकीत सगळ्यांच्या हातातून फिरला आणि रेघेवरचा वाद तिथेच थांबला. आपणही करवीर किंवा कागल तालुक्यातल्या दोन-तीन संस्थांत, सकाळचे संकलन उरकल्यावर, सचिवांना असा कागद देऊन पाहा. ज्या शब्दांना ते चुकून गोल करतील त्यांची यादी सुटलेल्या लिंकइतकीच उपयोगी पडते.

एवढे करूनही काही फोन येत राहतील, आणि ते कशाबद्दल आहेत हे नोंदवून ठेवावे. लिंक दिसली, कळली, तरी दाबली गेली नाही, असे वारंवार घडत असेल, तर बहुधा तिथे लिंक असायलाच नको होती. दहा दिवसांचे बिल काढण्याच्या पानावर सहावी पायरी ‘कपाती तपासा’ अशी असेल आणि कपाती कशा तपासायच्या हे दुसऱ्या पानावर असेल, तर काउंटरवर उभा असलेला माणूस सहाव्या पायरीवर पान सोडून जायला धजत नाही, कारण परत आल्यावर आपण कुठे होतो हे त्याला सापडेल याची खात्री नसते. पशुखाद्याची कपात, उचल आणि संस्थेचा हप्ता कुठे दिसतो, हे तीन वाक्यांत त्याच पायरीखाली लिहिता येते. तोच मजकूर दोन पानांवर आला आणि उद्या सॉफ्टवेअर बदलल्यावर दोन्हीकडे दुरुस्त करावा लागला, तरी ते काम आपले आहे, सचिवांचे नाही. ज्या लिंक वाचकाला चालू कामातून उठवतात त्या आधी शोधा, त्यांचा मजकूर पानात आणा, आणि मग जेवढ्या लिंक उरतील त्यांना रेघ द्या.